सव्वीस स्मरणपत्रं

"तुमी बी अर्जावाल्या का जी?" बाकावर शेजारी बसलेल्या बाईनं मला विचारलं.

नागपूरच्या हायकोर्टाचा व्हरांडा. १९७८ सालचा नोव्हेंबर. माझ्या मांडीवर लाल फडक्यात बांधलेला बस्ता होता आणि त्याच्या गाठीवर दोन्ही हात ठेवून मी बसले होते. पहाटेच्या एसटीनं आम्ही आमच्या जिल्ह्याच्या गावाहून निघालो होतो. आम्ही म्हणजे मी आणि आमचे अव्वल कारकून लांजेवार. लांजेवार सरकारी वकिलांना शोधायला गेले होते, आणि जाताना मला सांगून गेले होते, "हेडाऊबाई, बस्ता सोडून उठू नका. कुणाशी बोलू नका."

"हो," मी त्या बाईला म्हणाले. "कामानं आले."

"कितवं साल?"

"कशाचं?"

"अर्जाचं."

मी बस्त्याची गाठ पुन्हा आवळली. तिला त्याचं काही वाटलं नाही. पन्नाशीची असेल. अंगानं वाळकी, हिरवं लुगडं, पायांत काही नाही. मांडीवर बिस्किटांचा चौकोनी डबा. तिनं झाकण काढलं आणि आतल्या चिठ्ठ्या एकेक करून बाकावर मांडायला सुरुवात केली. पत्ते मांडावेत तशी.

"नऊ हाय. दर साली एक," ती म्हणाली. "दर साली जावो, खिडकीतल्या बाई म्हनत, मागचा अर्ज विचाराधीन हाय. मी म्हनो, मंग नवा घ्या. त्या घेत अना ही चिठ्ठी देत. माह्या वकिलानं सांगतलं, आजी, ह्या चिठ्ठ्या नसत्या त कोर्टानं तुहं ऐकलं नसतं."

मी खाली पाहिलं. आवक विभागाच्या पोचेच्या चिठ्ठ्या होत्या. गोल शिक्का, तारीख, आणि कोपऱ्यात शाईनं दोन अक्षरं, 'प्र. हे.'

माझं नाव प्रमिला हेडाऊ.

"कशाचा अर्ज?" मी विचारलं. विचारायची गरज नव्हती. त्याच अर्जाचा बस्ता माझ्या मांडीवर होता.

"हिरीचा," ती म्हणाली. "बेहडटोल्याले हीर पायजे."

*

आता मला अठ्ठ्याहत्तरावं लागलं. कचेरी सोडून वीस वर्षं झाली, तरी डोळे मिटले की ते दालन जसंच्या तसं दिसतं. उंच छत, दोरीवर टांगलेली नकाशांची गुंडाळी, कागद टाचायला वापरायचे बाभळीचे काटे. टाचण्या सरकारकडून यायच्या, पण कधी पुरायच्या नाहीत. त्या दालनात सहा टेबलं होती, आणि तिसरं टेबल माझं. शिवाय मंगळवार-शुक्रवार आवकची खिडकीही माझ्याकडे असे.

आमच्याकडे कागद ठेवायची एक पद्धत होती. साहेबलोकांच्या काळापासूनची. प्रत्येक टेबलाचे सहा गठ्ठे. त्यातले दोनच इथं सांगण्यासारखे आहेत. एक, प्रलंबित. म्हणजे ज्यावर आपल्यालाच काही करायचं आहे आणि अजून केलेलं नाही. दुसरा, प्रतीक्षाधीन. म्हणजे आपण दुसऱ्या कुणाला तरी काही विचारलं आहे आणि त्याच्या उत्तराची वाट पाहत आहोत.

महिन्याच्या शेवटी प्रत्येक टेबलाचा गोषवारा वर जायचा. त्यात प्रलंबित किती, हा आकडा साहेब पाहत. प्रतीक्षाधीन कुणी पाहत नसे. त्यात आपला काय दोष? आपण तर विचारलं आहे.

माझ्या टेबलाचं प्रलंबित सलग सात वर्षं 'निरंक' होतं. एकही नाही. सहा टेबलांत असं दुसरं टेबल नव्हतं. एकदा जिल्हाधिकाऱ्यांनी सगळ्यांसमोर माझं नाव घेतलं. घरी मी ते आईला सांगितलं, आणि आईनं ते अख्ख्या विणकर गल्लीला सांगितलं. वडील हातमागावर बसून ऐकत होते. ते म्हणाले, "म्हणजे एकही धागा लोंबत नाही म्हण ना." मला त्याचा फार अभिमान वाटला होता.

बेहडटोल्याची फाइल माझ्या प्रतीक्षाधीन गठ्ठ्यात होती. चाळीस घरांचा, मासेमारी करणाऱ्या ढिवरांचा टोला. उशाशी मोठा तलाव, पण तलावात म्हशी, शिंगाड्याच्या वेली आणि गाळ. पिण्याची विहीर म्हणून नाही. जिल्हा परिषदेच्या योजनेत एक विहीर मंजूर होती, पण पाणाड्यानं जी जागा दाखवली ती टोल्यामागच्या चढावर, झुडपी जंगलात. झुडपी जंगल म्हणजे नावालाच जंगल. शेळीच्या उंचीची झुडपं. जमीन आमच्या महसूलची, पण वन विभागाला विचारल्याशिवाय तिथं कुदळ मारता येत नसे. म्हणून आम्ही वन विभागाचा अभिप्राय मागितला होता. तो आला नव्हता. मी दर तीन महिन्यांनी स्मरणपत्र पाठवत होते. कधी चुकले नाही. सव्वीस स्मरणपत्रं फाइलला लागली होती, प्रत्येकाची कार्बन प्रत, क्रमांक टाकून.

ही सव्वीस पत्रं हीच आमची बाजू होती. एसटीत लांजेवार दोनदा म्हणाले होते, "बाई, तुमची फाइल म्हणजे आरसा आहे. काही भ्यायचं काम नाही."

*

"चाळीस घरं," पंचफुलाबाई सांगत होती. तिचं नाव पंचफुला वलथरे. ते मला माहीत होतं, याचिकेवर पहिलंच ते होतं. "एप्रिल लागला का तलावात चिखल राह्यते. फडक्यानं गाळून घेतो. पर्वाच्या साली दोन लेकरं गेली हगवनीनं. एक शेंड्याचं, एक नान्ह्याचं."

"तुमचं?"

"माही मोठी झाली होती तवा. वाचली."

ती चिठ्ठ्या परत डब्यात ठेवू लागली. जुनी सर्वांत खाली.

"आता कोर्ट विहीर देईल असं वाटतं तुम्हाला?"

"कोर्ट कोठून हीर देईन जी? कोर्टाजवळ का कुदळ हाय?" ती हसली. दात पानानं लाल. "मले कोर्टाकडून हीर नाई पायजे. मले 'हो' नाई त 'नाई' पायजे."

"'नाही' घेऊन काय करणार?"

"पवाराच्या वावराच्या धुऱ्यावर खंदीन. तो जागा देतो म्हनते. फुकट. पन जिल्हा परिषदवाले म्हनतात, पयल्या जागेचा निकाल लागल्याबिगर दुसरी जागा घेता येत नाई. अर्ज विचाराधीन हाय म्हनतात. दाहा साल झाले, विचार चालूच हाय." तिनं डब्याचं झाकण तळहातानं दाबून बसवलं. "नाई म्हनाले कितीक वेळ लागते बाप्पा? दोन अक्षरं त हाय."

ही गोष्ट मला माहीत नव्हती. पवाराच्या धुऱ्याबद्दल, म्हणजे शेताच्या बांधावरच्या त्या जागेबद्दल, फाइलमध्ये एक ओळ नव्हती. मला वाटत होतं, त्यांचं नुकसान होत असेल तर ते वन विभाग करत आहे. आम्ही थांबलो आहोत, म्हणजे तेही थांबले आहेत, एवढंच.

लांजेवार आले. तिला माझ्याशी बोलताना पाहून त्यांच्या कपाळाला आठी पडली. "चला, पुकारा होतोय," ते म्हणाले.

पंचफुलाबाईही उठली. पुकारा तिच्याच प्रकरणाचा होता.

*

आत सगळं इंग्रजीत. मला वाचता येई, पण इतक्या भरभर बोललेलं सगळं कळत नसे. दोन न्यायमूर्ती होते. वयस्कर होते ते बोलत, दुसरे लिहीत. पंचफुलाबाईचे वकील देवतळे म्हणून, लॉ कॉलेजात शिकवायचे. त्यांनी फार वेळ घेतला नाही. ते म्हणाले, माझी अशिलीण मंजुरी मागत नाही, ती निर्णय मागते. निर्णय घेणं हे अधिकाऱ्याचं कर्तव्य आहे, आणि कर्तव्य न करण्याचा अधिकार कुणाला नाही.

मग सरकारी वकील किनखेडे उठले. त्यांनी आमची सव्वीस पत्रं सांगितली. तारखा वाचल्या. मी मागच्या बाकावर ताठ बसले होते. दरवेळी तारीख आली की लांजेवार मान हलवत.

"म्हणजे तुमची कचेरी वन विभागासाठी थांबली आहे," न्यायमूर्ती म्हणाले.

"होय, मायलॉर्ड."

"आणि वन विभागातर्फे कोण आहे?"

किनखेडे म्हणाले, "त्यांच्यातर्फेही मीच आहे, मायलॉर्ड."

दुसऱ्या न्यायमूर्तींनी लिहिणं थांबवलं.

तेवढ्यात आमच्या पलीकडे बसलेला खाकी कोटातला एक माणूस अर्धवट उठला आणि किनखेड्यांच्या काळ्या कोटाची बाही ओढू लागला. वन विभागाचा कारकून होता. त्याच्या हातात जावक नोंदवही होती, मध्ये बोट घातलेलं. किनखेडे खाली वाकले, ऐकलं, आणि त्यांची मान लाल झाली.

"मायलॉर्ड, वन विभागाचं म्हणणं असं की त्यांनी अभिप्राय पाठवला आहे. मार्च १९७२ मध्ये. जावक क्रमांक आहे."

"त्याची प्रत?"

कारकुनानं मान हलवली. "वाळवी," तो मराठीत पुटपुटला. "कपाटाला वाळवी लागली, साहेब. नोंद राहिली, प्रत नाही."

वयस्कर न्यायमूर्तींनी चष्मा काढला. ते मराठीत बोलले, बहुधा आम्हा मागच्या बाकांसाठी. "किनखेडेसाहेब, एक अशील म्हणतो उत्तर दिलं, दुसरा म्हणतो मिळालं नाही. दोघंही तुमचेच. जेवणाच्या सुटीत दोघांना एका ठिकाणी बसवा आणि अडीच वाजता एक काय ते सांगा."

*

व्हरांड्याच्या टोकाला एक रिकामी खिडकी होती, रुंद दगडी कठड्याची. तिथं मी बस्ता सोडला. लांजेवार माझ्या खांद्यावरून पाहत होते.

"नुसता जावक नंबर म्हणजे काही नाही," ते म्हणत होते. "नंबर पडला म्हणजे कागद पोचला असं नव्हे. पोस्टात गेला असेल. आपल्या आवकमध्ये नाही म्हणजे नाही."

मी पत्रव्यवहाराची पानं उलटत होते. प्रत्येक पानावर उजव्या कोपऱ्यात मीच टाकलेला आकडा. मार्च १९७२. त्या महिन्याची मला एकच गोष्ट आठवत होती. वार्षिक तपासणी होती, आणि तपासणीआधी गोषवारा द्यायचा होता.

पान अठरा.

वन विभागाचा छापील मथळा. खाली सात ओळी टंकलिखित. मौजा बेहडटोला येथील झुडपी जंगलापैकी चार गुंठे क्षेत्र पिण्याच्या विहिरीसाठी देण्यास या कार्यालयाची हरकत नाही.

आणि डाव्या समासात, हिरव्या शाईत, माझं अक्षर. 'क्षेत्र स्पष्ट नाही. विचारणा करावी. प्रतीक्षाधीन.'

चार गुंठे. अक्षरात लिहिलेलं होतं, कंसात आकडाही होता.

मग मला सगळं आठवलं. पत्र आलं ते एकोणतीस मार्चला. उत्तर आलं म्हटल्यावर फाइल प्रतीक्षाधीनमधून काढून प्रलंबितमध्ये घ्यायला हवी होती. मग साहेबांची स्थळपाहणी, मग आदेश. दोन दिवसांत ते होणार नव्हतं. गोषवाऱ्यात 'प्रलंबित – १' जाणार होतं. म्हणून मी एक प्रश्न विचारला. कोणताही प्रश्न चालला असता. तपासणी झाली की काढू, असं मनात ठरवलं होतं. पण विचारणेला उत्तर आलं नाही, येणार तरी कसं, क्षेत्र तर त्यांनी लिहिलंच होतं. एप्रिलमध्ये दुसरं काम आलं. जूनमध्ये मी पहिलं स्मरणपत्र लिहिलं. त्यानंतरची पंचवीस लिहिताना मी अठरावं पान एकदाही उलटून पाहिलं नाही. फाइलवर वरचा कागद पाहायचा, तोच पुन्हा लिहायचा, तारीख बदलायची.

लांजेवारांनी पान वाचलं. समासही वाचला. माणूस वाईट नव्हता. माझ्या लहान भावाला आयटीआयमध्ये जागा त्यांच्याच शब्दावर मिळाली होती.

"हे पान आत्ताच निघायला हवं असं नाही," ते हळू आवाजात म्हणाले. "आपण म्हणू, शोध चालू आहे. चार आठवडे मागू. तेवढ्यात साहेबांकडून निर्णय करून टाकू. नामंजूर. नामंजूर केलं की याचिका निकाली. निर्णय पाहिजे होता, मिळाला. बाई स्वतःच म्हणते ना, 'नाही' चालेल."

"आणि हे पत्र?"

"कुणी पाहिलंय? त्यांची प्रत वाळवीनं खाल्ली." त्यांनी घसा साफ केला. "बाई, पुढच्या वर्षी अव्वल कारकुनाची जागा निघतेय. मी निवृत्त होतोय, माझीच. तुमच्याशिवाय नाव नाही."

ते चहा घ्यायला गेले. मला म्हणाले, विचार करा.

मी तिथंच बसले. पहाटे चार वाजता चहा घेतला होता, त्यानंतर काही नाही. थोड्या वेळानं पंचफुलाबाई आली. मी अठरावं पान पालथं घातलं. ती दगडी कठड्यावर पाय वर घेऊन बसली आणि पदराच्या गाठीतून उकडलेले शिंगाडे काढले. काळे, दोन शिंगांचे, सालीवर अजून तलावाचा वास.

"घ्या जी."

"नको. तुम्हाला राहू द्या."

"मस्त हाय. घ्या." तिनं एक दातांनी फोडला, आतला पांढरा गर काढून माझ्या तळहातावर ठेवला. मग दुसरा. तिनं पाच-सहा सोलले आणि मी खाल्ले. बस्ता आमच्या दोघींच्या मध्ये होता. तिनं त्याच्याकडे पाहिलं नाही, आणि काही विचारलं नाही.

"गोड आहेत," मी म्हणाले.

"पानी खराब हाय, शिंगाडा गोड लागते," ती म्हणाली. "त्याले काई फरक नाई पडत."

मी हात पुसले, पान उचललं आणि किनखेडे वकिलांना शोधायला गेले.

ते वकिलांच्या खोलीत डबा खात होते. मी पान त्यांच्यासमोर ठेवलं. "हे पत्र आम्हाला मिळालं आहे," मी म्हणाले.

त्यांनी वाचलं. "मग?"

"मग मी विचारणा केली, क्षेत्र किती म्हणून."

"क्षेत्र इथं लिहिलंय."

"हो."

"समासातलं अक्षर कुणाचं?"

"माझं."

त्यांनी डब्याचं झाकण लावलं. "हे आत सांगावं लागेल, बाई. तुमच्या नावासकट. कळतंय ना?"

"कळतंय," मी म्हणाले.

*

अडीच वाजता किनखेड्यांनी सांगितलं. न्यायमूर्तींनी पान मागवून घेतलं, समास वाचला, आणि मान वर करून विचारलं, "या बाई आहेत का इथं?"

मी उभी राहिले.

"हे पान तुम्हीच शोधून दिलंत?"

"हो, साहेब."

"आणि तुम्हीच पुरलं होतंत?"

"हो, साहेब."

"बसा," ते म्हणाले. एवढंच. पुढचं त्यांनी इंग्रजीत सांगितलं आणि लघुलेखकानं उतरवून घेतलं. वन विभागाची हरकत नाही, हे अभिलेखावर आलं आहे. जिल्हाधिकाऱ्यांनी ते विचारात घेऊन सहा आठवड्यांच्या आत, सकारण, लेखी निर्णय घ्यावा आणि याचिकाकर्तीला कळवावा. विहीर द्या, असं न्यायालयानं म्हटलं नाही. म्हणायचंही नसतं. पण पान अठरा आता कोर्टाच्या आदेशात होतं. 'नामंजूर' लिहायचं तर त्याला कारण द्यावं लागणार होतं, आणि कारण कुणाकडे नव्हतं.

परतीच्या एसटीत लांजेवार खिडकीशी बसले आणि गाव येईपर्यंत बाहेर पाहत राहिले. उतरताना मात्र म्हणाले, "बस्ता द्या इकडे. जड आहे."

नोव्हेंबरचा गोषवारा मी तीस तारखेला लिहिला. 'प्रलंबित' या शब्दापुढे सात वर्षांत पहिल्यांदा 'निरंक' लिहिलं नाही. '१' लिहिलं. लांजेवारांनी तो आकडा पाहिला, सही केली आणि कागद वर पाठवला. डिसेंबरमध्ये मला लेखी ताकीद मिळाली, सेवापुस्तकात नोंद झाली. अव्वल कारकुनाची जागा दुसऱ्याला गेली. मला ती मिळायला पुढं पाच वर्षं लागली.

साहेबांनी स्थळपाहणी केली, आदेश निघाला. मंजूर. सहा आठवडे पुरे व्हायला चार दिवस बाकी होते. टपालानं पाठवला तर वेळेत पोचेल याचा भरवसा नव्हता, म्हणून तो घेऊन जायला मीच निघाले. तलाठ्याच्या सायकलवर मागे बसून गेले. ज्या गावाचं नाव सव्वीस वेळा लिहिलं होतं ते पहिल्यांदा पाहिलं. तलावाच्या बांधावर जाळी वाळत घातलेली. चढावरची झुडपं खरोखर शेळीच्या उंचीची होती, आणि त्यात शेळ्याच होत्या.

विहीर पुढच्या मे महिन्यात झाली. पाणी बत्तीस फुटांवर लागलं, असं तलाठ्यानं नंतर सांगितलं. मी ती पाहायला गेले नाही.

आदेश घेऊन गेले त्या दिवशी पंचफुलाबाईनं मला खाटेवर बसवलं आणि पितळी गडव्यात पाणी दिलं. "तलावाचं हाय," ती म्हणाली. "गाळलं, अना उकळून बी घेतलं." तलाठ्यानं तहान नाही म्हणून सांगितलं. मी प्याले. गढूळ नव्हतं, पण चिखलाची चव होती.

मी आदेश वाचून दाखवला. तिनं दोनदा वाचायला लावला. मग विचारलं, "म्हनजे 'हो' म्हनतात का?"

"हो म्हणतात."

तिनं माझ्या पोच-पुस्तकात अंगठा उमटवला, आणि अंगठ्याची शाई लुगड्याला पुसली.

"तुम्ही मला ओळखलंत ना?" मी विचारलं.

"कवा?"

"आज. मी आले तेव्हा."

"आज काहाले? कोर्टातच वळखलं."

"कोर्टात मी उभी राहिले तेव्हा?"

"नाई जी. बाकावर बसली तवाच. नऊ साल खिडकीत पाहत होतो तुमाले. तुमी मान खाली घालून चिठ्ठी लिहत, म्हनून तुमाले मी नाई दिसली. मले तुमी दिसत होत्या."

"मग विचारलंत कशाला, अर्जावाल्या का म्हणून?"

"पाहू म्हटलं, काय सांगतात."

तलाठी अंगणात सायकलची घंटी वाजवत होता. त्याला अंधार पडायच्या आत परतायचं होतं.

"आणि शिंगाडे?" मी विचारलं.

तिनं माझ्याकडे पाहिलं. काहीतरी वेड्यासारखं विचारलं असावं तसं. "जेवनाची सुटी होती ना," ती म्हणाली.

मी उठले. ती आत गेली आणि बिस्किटांचा डबा घेऊन आली. आदेशाची घडी घालून तिनं डब्यात ठेवली. मग त्याखालच्या चिठ्ठ्या काढल्या, मोजल्यासारख्या एकेक सरकवल्या आणि माझ्या हातात दिल्या.

"ह्या आता तुमी घ्या," ती म्हणाली. "माहं काम झालं. तुमचीच सही हाय."

त्या अजून माझ्याकडे आहेत. कागद पिवळा पडला, शिक्का पुसट झाला. नऊ चिठ्ठ्या. एकीवरही तिचं नाव नाही. तारीख, क्रमांक, आणि कोपऱ्यात माझी दोन अक्षरं.